कागदावरची मालकीण

"मालकांना पाठवा." तहसील कचेरीतल्या कारकुनानं मान वर न करताच सांगितलं. माझ्यासोबतची बाई गोंधळली. ट्रॅक्टर तिच्या नावावर, नोटीसही तिच्याच नावाची. म्हणजे मालक तीच! पण खेड्यात मालक म्हणजे नवरा, हे तिलाही ठाऊक होतं आणि कारकुनालाही.

गोदाकाठच्या गावातली ही गोष्ट. रात्री वाळू वाहताना महसूलच्या पथकानं ट्रॅक्टर पकडला आणि परवाना नाही म्हणून कचेरीच्या आवारात आणून लावला. दीर म्हणतो, वाळू घरकुलासाठी होती. खरं-खोटं चौकशीत ठरेल. पण ट्रॅक्टर बाईच्या नावावर का, हे मात्र उघड आहे. कृषी यांत्रिकीकरणाच्या सरकारी योजनेत महिला शेतकऱ्याला ५० टक्क्यांपर्यंत अनुदान मिळतं, इतर सर्वसाधारण शेतकऱ्याला ४० टक्क्यांपर्यंत. म्हणून नाव तिचं, सही तिची, कर्जही तिचं. किल्ली मात्र दिराच्या खिशात.

संघटनेच्या बैठकीत वाद झाला. "वाळूउपशाविरुद्ध आपणच मोर्चे काढतो. नदीतली वाळू गेली की विहिरी आटतात, हंडे घेऊन लांबवर बायाच जातात. मग वाळूचा ट्रॅक्टर सोडवायला आपण का जायचं?" प्रश्न रास्त आहे. तरी मला वाटतं, जायलाच हवं. दंड तिच्यावर बसणार, हप्ता थकला तर बँक तिच्याच दारात येणार. आणि उपशावर गबर होणाऱ्या ठेकेदाराचं नाव एकाही कागदावर नाही.

कायदा काय सांगतो ते बायांना माहीत हवं. महाराष्ट्र जमीन महसूल अधिनियम १९६६, कलम ४८ प्रमाणे बेकायदा खनिजावर बाजारभावाच्या पाचपटीपर्यंत दंड होतो, शिवाय वाहनाचा दंड वेगळा. जप्त वाहन ४८ तासांच्या आत जिल्हाधिकारी किंवा त्यांनी नेमलेल्या, किमान उपजिल्हाधिकारी दर्जाच्या अधिकाऱ्यापुढे हजर करावं लागतं. ठरलेला दंड आणि जातमुचलका घेऊन ते सोडता येतं. म्हणून पंचनाम्याची प्रत मागायची, नोटिशीला लेखी खुलासा द्यायचा आणि पोच घ्यायची. तहसीलदाराचा आदेश मान्य नसेल तर ६० दिवसांत उपविभागीय अधिकाऱ्याकडे अपील करता येतं. पोलिसांत गुन्हा नोंदला असेल तर वाट कोर्टातून जाते. जप्त वाहनं ठाण्यात सडत ठेवू नका, पंचनामा, फोटो आणि हमी घेऊन लवकर सोडा, असं सर्वोच्च न्यायालयानं सुंदरभाई देसाई खटल्यात २००२ मध्येच सांगितलं आहे.

पण खरी मेख आहे ती जातमुचलक्यात. हे वाहन पुन्हा बेकायदा उपशाला वापरणार नाही, असं त्यात मालकानं लिहून द्यायचं असतं. जिच्या हातात किल्लीच नाही, तिनं हे वचन द्यायचं कशाच्या जोरावर? उद्या ट्रॅक्टर पुन्हा पकडला गेला, तर वचन मोडल्याचा ठपका पुन्हा तिच्यावरच!

म्हणून अर्ज लिहिण्याआधी आम्ही तिच्या घरी बसलो. किल्ली तिच्याकडे राहील, भाड्याची वही ती ठेवील, रात्रीची भाडी बंद, असं तिनं सांगितलं. दीर चिडला, दोन दिवस बोलला नाही. पण तिच्या सहीशिवाय ट्रॅक्टर सुटत नाही, हे कळल्यावर बसला आणि कबूल झाला. आजवर जी सही सगळ्यांनी फुकट वापरली, तिची किंमत तिला त्या दिवशी कळली.

ट्रॅक्टर सोडवणं म्हणजे उपशाला पाठिंबा देणं नव्हे. उपसा थांबवायचा तर वाहनांच्या मालकिणींनाही 'नाही' म्हणता आलं पाहिजे. मैत्रिणींनो, आपापल्या गावात विचारून पाहा: किती ट्रॅक्टर, किती कर्जं बायांच्या नावावर आहेत, आणि किल्ल्या कोणाकडे आहेत? जप्तीची नोटीस यायची वाट कशाला बघायची?