कोयता आणि सातबारा

गेवराई तालुक्याच्या उत्तर सीमेवरून गोदावरी वाहते. तिच्या काठच्या राक्षसभुवन येथे १७६३ साली माधवराव पेशव्यांनी निजामाचा पराभव केला, हे शाळेतील मुलांनाही ठाऊक असते. निजामाची सत्ता मात्र त्यानंतर १८५ वर्षे टिकली आणि १७ सप्टेंबर १९४८ रोजी संपली. राज्य गेले, परंतु ते ज्या जमीनव्यवहारावर उभे होते तो कितपत गेला, याचा हिशेब अद्याप पुरा झालेला नाही. दिवाळीच्या आगेमागे गेवराईच्या तांड्यांवरून आणि वस्त्यांवरून ऊसतोड मजुरांच्या टोळ्या पश्चिम महाराष्ट्राकडे आणि कर्नाटकाकडे निघतात. दारिद्र्याच्या चर्चेत हे स्थलांतर अवर्षणाच्या खाती टाकून मोकळे होण्याची प्रथा पडली आहे. पाऊस कमी पडतो हे खरे. परंतु त्याच पावसात, त्याच शिवारात काही घरे कोयता हाती घेत नाहीत, हेही तितकेच खरे आहे. या दोहोंमधील अंतर आभाळाने पाडलेले नाही; ते सातबाऱ्याने पाडले आहे.

हैदराबाद संस्थानात सुमारे ४० टक्के मुलूख जहागिरी आणि निजामाच्या खासगी मालकीचा, म्हणजे सर्फ-ए-खास होता. १९४९ साली या दोन्ही व्यवस्था मोडल्या. पाठोपाठ १९५० चा कूळवहिवाट कायदा आला आणि त्याने संरक्षित कुळांना हक्क दिले. त्या काळातील देशातील पुरोगामी कायद्यांत त्याची गणना होत असे. अंमलबजावणीत काय झाले, हे अर्थशास्त्रज्ञ ए. एम. खुसरो यांनी १९५८ साली प्रसिद्ध झालेल्या आपल्या पाहणीत नोंदवून ठेवले आहे. १९५१ साली संरक्षित ठरलेल्या दर १०० कुळांपैकी चार वर्षांनंतर सुमारे ४५ जमिनीवर कूळ म्हणून टिकली होती आणि सुमारे १२ मालक झाली होती. सुमारे २२ जणांना बेकायदा हुसकावण्यात आले आणि सुमारे १७ जणांनी जमीन 'स्वखुशीने' सोडून दिली. कायद्याने बेदखल झालेल्यांचे प्रमाण जेमतेम तीनांत होते. ज्याच्या घरात पेरायला बियाणे नाही, ज्याचे कर्ज जमीनमालकाकडेच आहे आणि ज्याला तलाठ्याच्या दप्तरातील अक्षर वाचता येत नाही, त्याच्या 'स्वखुशी'चा अर्थ विस्ताराने सांगण्याची आवश्यकता नाही.

त्यानंतर कमाल जमीनधारणेचा कायदा आला. तो १९६१ साली झाला आणि १९७५ साली त्याची मर्यादा खाली आणण्यात आली. बारमाही पाण्याच्या जमिनीस १८ एकर आणि कोरडवाहू जमिनीस ५४ एकर ही ती मर्यादा होय. कायदा होणार याची चाहूल ज्यांना आधी लागते, तेच बहुधा मोठे जमीनदार असतात. नातलगांच्या नावे वाटण्या आणि जुन्या तारखांचे व्यवहार यांच्या आड बरीच जमीन दडली. जी अतिरिक्त ठरली तीत मुरमाड आणि पडीक तुकड्यांचा भरणा अधिक. पुनर्वाटपाचे काम असे ज्यांच्याकडून जमीन घ्यावयाची त्यांच्याच सोयीने उरकले गेले.

याच सुमारास गेवराईच्या दारी पाणी आले. पैठणच्या जायकवाडी धरणाचे १९७६ साली उद्घाटन झाले आणि त्याचा उजवा कालवा गेवराई व माजलगाव तालुक्यांतून नेण्यात आला. सार्वजनिक पैशातून, आणि शंभराहून अधिक गावांच्या विस्थापनातून उभे राहिलेले हे पाणी. परंतु पाण्याचा हक्क जमिनीस जोडलेला असल्याने ज्याच्याकडे जमीन अधिक त्याच्याकडे पाणी अधिक, आणि ज्याच्याकडे जमीन नाही त्याला थेंबही नाही, असा न्याय प्रस्थापित झाला. कालव्याखाली ऊस उभा राहिला आणि कालव्यापासून दूर असलेला माणूस परमुलखात ऊस तोडावयास गेला. विकास झाला नाही असे कोणी म्हणणार नाही. तो कोणाच्या बांधावर येऊन थांबला, एवढाच प्रश्न आहे.

ऊसतोडीच्या व्यवहारात नवरा-बायको मिळून एक 'कोयता' धरला जातो. मुकादमाकडून आगाऊ उचल घ्यावयाची आणि हंगामभर राबून ती फेडावयाची. एका दिवसाचा खाडा पडला तरी दंड कापला जातो. या खाड्याच्या धास्तीपायी बीड जिल्ह्यातील तरुण स्त्रिया गर्भाशये काढून घेत असल्याचे उघडकीस आले, आणि २०१९ साली राज्य सरकारला चौकशी समिती नेमावी लागली. ज्या कुटुंबाजवळ वर्षाची भाकर देईल एवढीही जमीन नाही, त्याला उचल नाकारण्याचे बळ कोठून यावे? जमीन उत्पन्न देते, तसेच ती माणसाला 'नाही' म्हणण्याची ताकदही देते. मजुरीचा दर अखेर याच ताकदीवर ठरत असतो.

जमीनसुधारणेने दारिद्र्य हटते काय आणि उत्पादन वाढते काय, हा वाद जगभर चालला आहे. जपानने महायुद्धानंतर कुळांना मालक केले. तैवानने १९४९ साली खंड पिकाच्या साडेसदतीस टक्क्यांवर आणला आणि १९५३ साली कसणाऱ्याला जमीन दिली. दक्षिण कोरियाने १९५० साली सुमारे तीन हेक्टरांची मर्यादा घातली. या तिन्ही देशांत कारखानदारीची भरभराट जमीनवाटपानंतर झाली, कारण लहान शेतकऱ्याच्या हाती आलेल्या पैशाने मुले शाळेत गेली आणि देशातच बाजारपेठ उभी राहिली. भारतातील १६ प्रमुख राज्यांच्या १९५८ ते १९९२ या काळाचा अभ्यास बेस्ली आणि बर्जेस या अर्थशास्त्रज्ञांनी २००० साली प्रसिद्ध केला. कूळकायदे आणि मध्यस्थांचे उच्चाटन यांमुळे ग्रामीण दारिद्र्य घटले व शेतमजुरीचे दर वाढले, असे त्यांना आढळले. कमाल धारणेच्या कायद्यांचा मात्र तसा परिणाम दिसला नाही. ते राबवलेच न गेल्यामुळे हे स्वाभाविक होते. उत्पादनवाढीच्या बाबतीत याच अभ्यासातील चित्र तितके उजळ नाही, हे प्रामाणिकपणे सांगितले पाहिजे. तथापि पश्चिम बंगालचा अनुभव वेगळा आहे. तेथे १९७८ पासून बटाईदारांची नोंद झाली, त्यांचा वाटा व वहिवाट सुरक्षित झाली, आणि पीक वाढले. बंगालमधील नोंदणी कचेरीच्या टेबलावर न होता संध्याकाळी मजुरांच्या वस्तीत शिबिरे भरवून झाली, ही गोष्ट कार्यकर्त्यांनी विशेष ध्यानात घेण्याजोगी आहे.

आक्षेप असा घेतला जातो की, आता वाटावयास जमीन उरलीच कोठे? महाराष्ट्रातील सरासरी धारणक्षेत्र १९७०-७१ साली ४.२८ हेक्टर होते, ते २०१५-१६ साली १.३४ हेक्टरांवर आले. आक्षेप निराधार नाही. दोन-तीन एकर कोरडवाहू कपाशीने कोणाचेही दारिद्र्य फिटत नाही, आणि कोयता घेऊन जाणाऱ्यांत अल्पभूधारकही मोठ्या संख्येने असतात. परंतु यावरून जमिनीचा प्रश्न संपला असे अनुमान निघत नाही. त्याचे स्वरूप बदलले, एवढेच निघते. आज तो तीन ठिकाणी उभा आहे.

पहिले ठिकाण गायरानाचे. मराठवाड्यात दलित आणि भूमिहीन कुटुंबांनी गावोगावी गायराने फोडून पिकाखाली आणली. दादासाहेब गायकवाड यांच्या नेतृत्वाखालील भूमिहीनांच्या सत्याग्रहांनी या लढ्याला तोंड फोडले; पुढे बीड जिल्ह्यात एकनाथ आवाड यांच्या मानवी हक्क अभियानाने तो चालविला. १४ एप्रिल १९९० पूर्वीची अशी अतिक्रमणे नियमित करण्याचा निर्णय शासनाने नोव्हेंबर १९९१ मध्ये घेतला. दंडाच्या पावत्या आणि एक-ई नोंदवहीतील नोंदी जपून ठेवणारी कितीतरी कुटुंबे तरीही सातबाऱ्याची वाटच पाहत राहिली. २०११ साली सर्वोच्च न्यायालयाने गावठाणातील व सामाईक जमिनींवरील अतिक्रमणे हटविण्याचा निकाल दिला आणि २०२२ साली मुंबई उच्च न्यायालयाच्या आदेशानंतर गायरानांवर नोटिसांचे सत्र सुरू झाले. २०११ च्या त्याच निकालात भूमिहीन मजूर व अनुसूचित जाती-जमातींना शासनाच्या अधिसूचनेने दिलेल्या जमिनींचा अपवाद नमूद आहे. नोटिशीच्या घाईत तो विसरला जातो.

दुसरे ठिकाण बटाईचे. मालक शहरात आणि कसणारा शिवारात, ही आता नित्याची गोष्ट झाली आहे. परंतु बटाईदाराच्या नावाची कोठेही नोंद नसते. त्यामुळे पीककर्ज, विमा आणि अतिवृष्टीची भरपाई सातबाऱ्यावरील नावाला मिळते आणि नुकसान तेवढे कसणाऱ्याच्या वाट्यास येते. तिसरे ठिकाण पाण्याचे. पुरंदर तालुक्यातील नायगाव येथे १९७२ च्या दुष्काळानंतर विलासराव साळुंखे यांनी पाणी पंचायत उभी केली. तेथे पाण्याचा वाटा जमिनीवर नव्हे, तर घरातील माणसांवर ठरला; भूमिहीनालाही तो मिळाला आणि ऊस वर्ज्य मानला गेला. जे माळरानावर शक्य झाले ते सार्वजनिक कालव्यावर अशक्य का मानावे?

म्हणून समाजवादी चळवळीने 'कसेल त्याची जमीन' ही घोषणा नुसती जपून ठेवून भागणार नाही. नियमित ठरू शकणाऱ्या प्रत्येक गायरानधारकाची यादी वस्तीत बसून करावी, पावत्या गोळा कराव्यात आणि तहसील कचेरीपुढे त्या मांडाव्यात. सातबारा पती-पत्नी दोघांच्या नावे व्हावा असा आग्रह धरावा. बटाईदाराची नोंद आणि भूमिहीनाचा पाण्यावरील हक्क यांसाठी कायदा मागावा. ही कामे कष्टाची आहेत आणि त्यांना टाळ्या मिळत नाहीत. १९५१ नंतर कुळांनी जमिनी सोडल्या, त्या वेळी कायदा त्यांच्या बाजूने होता. त्यांच्या शेजारी उभे राहणारे कोणी नव्हते. गायरानधारक आज त्याच जागी उभा आहे. नोटिशीला उत्तर देण्याची मुदत टळली आणि दारी मुकादम आला, की तोही 'स्वखुशीने' कोयता उचलील.