चेहरा तिचा, आवाज परका

भयपटांतील नटीवर अग्रलेख लिहावा, हे काही वाचकांस रुचणार नाही. परंतु बार्बारा स्टील हिच्या कारकिर्दीत न्यायाचा एक प्रश्न दडलेला आहे आणि तो रसिकांनी टाळू नये, असे आम्हांस वाटते.

१९३७ साली इंग्लंडमधील बर्कनहेड येथे जन्मलेल्या या तरुणीने चित्रकलेचे शिक्षण घेतले होते. हॉलिवूडने तिला कराराने बांधले खरे, पण तिचे करायचे काय, हे तेथे कोणास उमगले नाही. एल्विस प्रेस्लीच्या 'फ्लेमिंग स्टार'मधून ती बाहेर पडली. त्याच वर्षी, १९६० मध्ये, इटलीत मारिओ बावाचा 'ला मास्केरा देल देमोनिओ' (सैतानाचा मुखवटा) प्रदर्शित झाला. आरंभीच एका चेटकिणीच्या मुखावर आतून खिळे असलेला मुखवटा घणाने ठोकला जातो. ती चेटकीण आणि दोन शतकांनंतर तिच्याच कुळात जन्मलेली निष्पाप कन्या, या दोन्ही भूमिका बार्बाराने केल्या. तेच विशाल नेत्र एका क्षणी कारुण्याने भरतात, तर दुसऱ्या क्षणी त्यांत क्रौर्य पेटते. ब्रिटनमध्ये हा चित्रपट १९६८ पर्यंत रोखून धरण्यात आला होता!

आणि आवाज? तो तिचा नव्हताच. इटलीत त्या काळी चित्रीकरणाच्या वेळी ध्वनिमुद्रण करण्याची रीत नव्हती. नट आपापल्या भाषांत बोलत आणि मागाहून दुसरेच कोणी बंद खोलीत बसून त्या ओठांना शब्द पुरवीत. बार्बाराच्या इटालियन भयपटांत बहुधा हेच घडले. अभिनेत्रीचे अर्धे अंग असे कापून घ्यायचे आणि उरलेल्या अर्ध्याची 'भयपटांची सम्राज्ञी' म्हणून जाहिरात करायची, हा कोठला न्याय? शब्द पुरविणारीही अनामिकच राहिली. आपल्याकडे 'महल' (१९४९) मधील गाण्याच्या तबकडीवर लता मंगेशकरांऐवजी 'कामिनी' हे पात्राचे नाव छापले गेले होते. श्रोत्यांनी गायिकेचे नाव विचारून आकाशवाणीला भंडावून सोडले, म्हणून ते उघड झाले. रोमच्या त्या आवाजांसाठी असा आग्रह कोणी धरल्याचे आमच्या ऐकिवात नाही.

फेलिनीने 'साडेआठ' (१९६३) मध्ये तिला छोटी का होईना, पण वेगळी भूमिका दिली. इतर निर्माते मात्र तिला पुन्हापुन्हा थडग्यांतच पाठवीत राहिले. 'दान्झा माकाब्रा'सारख्या (१९६४) चित्रपटांत तिने त्यातूनही अभिनय काढला, हे तिचे मोठेपण.

पुढे ती अमेरिकेत निर्मितीकडे वळली. हर्मन वूक यांच्या कादंबरीवरील 'वॉर अँड रिमेम्ब्रन्स' या दूरचित्रवाणी मालिकेची ती निर्माती होती. त्या मालिकेचे काही चित्रण प्रत्यक्ष ऑशविट्झच्या छळछावणीत झाले. १९८९ साली तिला त्या मालिकेसाठी एमी पुरस्कार मिळाला, तो निर्माती म्हणून आणि स्वतःच्या नावाने.