प्रवाळभित्तींची जन्मपरंपरा

‘जीवविचार’ या ग्रंथात पृथ्वीकाय जीवांची नावे सांगताना स्फटिक, मणी, रत्ने यांच्याबरोबर विद्रुम, म्हणजे पोवळे, हेही नाव येते. दगडासारख्या कठीण वस्तूत जीव पाहण्याची ही दृष्टी जैन घरांतील मुलांना पाठशाळेपासूनच परिचयाची असते. युरोपात मात्र अठराव्या शतकातही पोवळे ही समुद्रातील वनस्पती आहे, असे बहुतेक विद्वान समजत होते. मार्सेचा वैद्य पेसोनेल याने तिची ‘फुले’ म्हणजे हालचाल करणारे प्राणी आहेत असे सांगितले, तेव्हा त्याचे म्हणणे प्रथम कोणी मानले नाही. आजचे जीवशास्त्र प्रवाळाची गणना प्राण्यांत करते. शास्त्र आणि विज्ञान यांच्या वर्गीकरणाच्या रीती भिन्न आहेत. पण पोवळे निर्जीव नाही, हे दोघांनाही मान्य आहे.

अंगठीतील लाल पोवळे मुख्यत्वे भूमध्य समुद्रातले. ते भित्ती बांधत नाही. भित्ती बांधणारे त्याचे आप्त उष्ण, उथळ आणि स्वच्छ पाण्यात राहतात. त्यांतील एकेक जीव बहुधा काही मिलिमीटरचाच असतो: मऊ देह, मुखाभोवती स्पर्शिका आणि खाली स्वतः रचलेला चुन्याचा पेला. त्याच्या पेशींत सूक्ष्म शैवल वस्तीला असते. शैवल सूर्यप्रकाशात अन्न तयार करून त्याचा मोठा वाटा यजमानाला देते. यजमान त्याला आसरा आणि पोषक द्रव्ये देतो. जीवांच्या परस्पर उपकाराचा जो सिद्धांत तत्त्वार्थसूत्राच्या पाचव्या अध्यायात आहे, त्याचे याहून बोलके उदाहरण निसर्गात क्वचितच सापडेल. सागरतळाचा एक टक्काही भाग न व्यापणाऱ्या या भित्तींच्या आश्रयाने सागरी प्रजातींपैकी सुमारे चतुर्थांश प्रजाती जगतात.

हा संसार मात्र अनेकदा मोडला आणि अनेकदा नव्याने उभा राहिला. कँब्रियन काळाच्या आरंभी, सुमारे ५२ कोटी वर्षांपूर्वी, आर्किओसायाथ नावाच्या स्पंजसदृश प्राण्यांनी सूक्ष्मजीवांच्या साथीने भित्ती रचल्या. ते लवकरच नष्ट झाले. पुढे टॅब्युलेट व रुगोज हे प्राचीन प्रवाळ आले. डेव्होनियन काळात त्यांनी आणि चुन्याचा सांगाडा असलेल्या स्पंजांनी अतिविशाल भित्ती बांधल्या. पश्चिम ऑस्ट्रेलियात तशी एक भित्ती आज कोरड्या माळावर चुनखडीच्या डोंगररांगेच्या रूपाने उभी आहे. त्या काळच्या प्रवाळांच्या सांगाड्यांवरील बारीक वाढरेषा १९६३ मध्ये जॉन वेल्स या शास्त्रज्ञाने मोजल्या. एका वर्षाच्या वाढीत सुमारे ४०० रेषा भरल्या. पृथ्वी तेव्हा अधिक वेगाने फिरत होती आणि वर्षात सुमारे ४०० दिवस होते, याची साक्ष त्या इवल्या जीवांनी दगडात लिहून ठेवली आहे.

२५ कोटी २० लाख वर्षांपूर्वी, पर्मियन काळाच्या अखेरीस, सर्वांत मोठा आघात झाला. सायबेरियातील ज्वालामुखींनी हवेत अपार कार्बन डायऑक्साइड सोडला. समुद्र तापले, त्यांतील प्राणवायू घटला. दहापैकी आठांहून अधिक सागरी प्रजाती संपल्या. टॅब्युलेट व रुगोज प्रवाळांचा वंश कायमचा बुडाला. त्यानंतरच्या सुमारे ५० लाख वर्षांच्या खडकांत प्रवाळाचा सांगाडाच आढळत नाही. मग ट्रायासिक काळात आजच्या प्रवाळांचे पूर्वज आले. बहुतेक शास्त्रज्ञांच्या मते ते जुन्या बांधकऱ्यांचे थेट वंशज नव्हते. संकटातून तगलेल्या मऊ देहाच्या जीवांनी नव्याने सांगाडा धारण केला होता. शैवलाशी असलेल्या भागीदारीच्या खुणाही ट्रायासिक काळातील सांगाड्यांत मिळतात.

क्रिटेशियस काळात उथळ उष्ण समुद्रांत रुडिस्ट नावाच्या शिंपल्यांचे प्राबल्य झाले. ६ कोटी ६० लाख वर्षांपूर्वी मेक्सिकोच्या युकातान भागात प्रचंड अशनी आदळला आणि रुडिस्टही गेले. सह्याद्रीचा काळा पाषाण लाव्हारसाच्या रूपाने पसरत होता, तो काळही हाच. त्या प्रलयातून वाचलेल्या प्रवाळांनी पुन्हा भित्ती उभारायला लाखो वर्षे घेतली.

या जन्मपरंपरेतून दोन गोष्टी दिसतात. भित्ती परत येते, हे खरे. पण येते ती वेगळ्या बांधकऱ्यांची, किंवा वाचलेल्या थोड्यांच्या वंशजांची. आणि परतण्याचा काळ मानवी पिढ्यांत मोजता येत नाही. म्हणून ‘निसर्ग आपले आपण सावरून घेईल’ हे वाक्य भूशास्त्राच्या दृष्टीने खरे असूनही माणसाला दिलासा देणारे नाही.

आज पाणी नेहमीच्या उन्हाळी कमाल तापमानापेक्षा एका अंशाने वाढून काही आठवडे तसेच राहिले, तरी शैवल प्रवाळाच्या देहातून बाहेर पडते. परस्पर उपकाराचा धागा तुटतो, प्रवाळ पांढरा पडतो आणि उष्मा लवकर ओसरला नाही तर उपासमारीने मरतो. लक्षद्वीपच्या प्रवाळांनी १९९८, २०१० आणि २०१६ मध्ये हे सोसले. महाराष्ट्रालाही ही चिंता परकी नाही. मालवणला सिंधुदुर्ग किल्ल्याच्या परिसरात प्रवाळ आहेत, आणि विजयदुर्गापासून सुमारे शंभर किलोमीटर दूर खोल समुद्रात कान्होजी आंग्रे यांच्या नावाने ओळखला जाणारा आंग्रिया बँक हा प्रवाळसमृद्ध उंचवटा आहे.

पाण्याखालचा जीव हाताने न दुखावणे तुलनेने सोपे आहे. भित्ती बांधणारे प्रवाळ तोडण्यास भारतात कायद्यानेही बंदी आहे. परंतु आजची हिंसा दूरवरून होते: जाळलेल्या इंधनातून, गरजेपलीकडच्या प्रवासातून, अखंड चालणाऱ्या यंत्रांतून. तिला आवर घालणारे व्रत श्रावकाच्या बारा व्रतांत पूर्वीपासूनच आहे, ते भोगोपभोग परिमाणाचे. ताटातील पदार्थांची आणि पेटीतील वस्त्रांची मर्यादा ठरवताना इंधन व विजेचीही मर्यादा ठरवली, तर त्या व्रताची कक्षा समुद्रापर्यंत पोहोचेल. वर्षाला जेमतेम एखादा सेंटीमीटर वाढणाऱ्या त्या जीवांना तेवढी सवड हवी आहे.