काळापासून शक्ति मिळेल काय?

विद्यार्थ्यांच्या आवडत्या कल्पित कथांत एक संशोधक कधीं कधीं भेटतो. तो काळालाच यंत्रास जुंपतो. मग कोळसा नको, पाणी नको, बैलहि नको. क्षण सरत जातात आणि त्यांच्या सरण्यानेंच चाक फिरतें. ही कल्पना मोठी मोहक आहे. ती हंसून उडवून लावणें आम्हांस योग्य वाटत नाहीं. परंतु न तपासतां खरी मानणें त्याहूनहि अयोग्य होय.

आपल्या देशास ही कल्पना परकी नाहीं. भास्कराचार्यांनीं इ. स. ११५० मध्यें, वयाच्या ३६ व्या वर्षीं, ‘सिद्धांतशिरोमणि’ रचिला. त्यांत एका स्वयंवह चाकाचें वर्णन आहे. चाकाच्या पोकळ आऱ्या पाऱ्यानें अर्ध्या भरावयाच्या. पारा एका बाजूस परिघाकडे व दुसऱ्या बाजूस आंसाकडे धांवेल आणि चाक आपोआप फिरत राहील, अशी ती योजना. एवढ्या थोर गणित्यानें वर्णिलेलें हें चाकहि सतत फिरूं शकत नाहीं. पारा खालीं येतांना जेवढी शक्ति देतो तेवढीच त्यास वर नेण्यास लागते. शिवाय घर्षणांत कांहीं खर्च होते. अशा यंत्रांचे प्रस्ताव यापुढें तपासावयाचे नाहींत, असें पॅरिसच्या विज्ञान अकादमीनें १७७५ सालींच ठरविलें.

मग काळाचा शक्तीशीं कांहींच संबंध नाहीं काय? आहे. एमी नोएथर या जर्मन विदुषीनें १९१८ सालीं प्रसिद्ध केलेल्या सिद्धांतांतून असें दिसतें कीं, निसर्गाचे नियम काळाबरोबर बदलत नाहींत म्हणूनच शक्तीची एकूण बेरीज कायम राहते. समजा, पृथ्वीचें आकर्षण सकाळीं कमी व सायंकाळीं अधिक असतें. तर सकाळीं थोड्या श्रमानें वर चढविलेला धोंडा सायंकाळीं खालीं सोडून रोज नफा मिळविता आला असता! निसर्ग सकाळ-सायंकाळ असा भेद करीत नाहीं. म्हणून हा नफा कोणाच्याहि पदरीं पडत नाहीं.

आमच्या जवळचेंच उदाहरण घ्या. अकोल्यानजीक पारस येथें दगडी कोळसा जाळून वीज निर्माण करितात. वर्धा नदीच्या खोऱ्यांतील कोळसा म्हणजे २५ कोटींहून अधिक वर्षांपूर्वीं वनस्पतींनीं सांठविलेलें ऊनच होय. ही शक्ति काळानें दिली असें वाटतें. वस्तुतः ती सूर्यानें दिली, काळानें केवळ राखिली. वऱ्हाडांतील कापूस पिकविणारा शेतकरी हें जाणतो. पेरणी व निंदणी केल्यावांचून नुसते महिने लोटल्यानें बोंडें फुटत नाहींत.

खऱ्या संशोधकांचें आयुष्यहि असेंच असतें. मुंबईत १८६७ सालीं जन्मलेले शंकर आबाजी भिसे यांनीं लंडनला जाऊन छपाईचे टाइप ओतणारें ‘भिसोटाइप’ यंत्र सिद्ध केलें. दादाभाई नौरोजींनीं त्यांस साहाय्य केलें, टाटांनीं भांडवल पुरविलें. तरी तो धंदा टिकला नाहीं. भिसे खचले नाहींत. ते अमेरिकेस गेले आणि १९३५ सालीं न्यूयॉर्क येथें निवर्तेपर्यंत शोधांतच गढलेले राहिले. वर्षें त्यांनींहि खर्चिलीं. पण प्रत्येक वर्षांत श्रम ओतले.

म्हणून पालकांस आमची विनंती आहे. मोडकें घड्याळ उघडून बसलेल्या मुलास मारूं नका; त्याचे स्क्रू फेकून देऊं नका. इंधनावांचून चालणारें यंत्र करितों असें तो म्हणाला, तर त्यास एवढेंच विचारा, “बाळ, यांत शक्ति कोठून येते?” मग त्यास तें करून पाहूं द्या. यंत्र न चालल्यास तो घर्षण शिकेल, आणि तेंहि थोडें नव्हे. असेंच यंत्र विकणारा कोणी दारीं आला, तर पैसे काढण्यापूर्वीं त्यासहि हाच प्रश्न करा.

आणि विद्यार्थीहो, “वेळ आहे, पुढें आपोआप होईल,” असें म्हणणारा त्या कथेंतील संशोधकाचाच भाऊ समजा. भिंतीवरील जुनें घड्याळ काळ दाखवितें, पण काळावर चालत नाहीं. कोणीतरी त्यास किल्ली दिलेली असते.