‘रजनी’ची आठवण

१९८५ साली दूरदर्शनवर बासू चॅटर्जींची ‘रजनी’ मालिका आली. नायिका प्रिया तेंडुलकर, नाटककार विजय तेंडुलकरांची कन्या. गॅसवाला असो वा टॅक्सीवाला, रजनी जाब विचारी. चिडलेल्या टॅक्सीचालकांनी निदर्शनेही केली! ग्राहक संरक्षण कायदा त्यानंतर, १९८६ साली झाला. प्रियाताईंनी पुढे कथा लिहिल्या, टीव्हीवर चर्चेचा कार्यक्रम चालविला. १९ सप्टेंबर २००२ रोजी, वयाच्या ४७ व्या वर्षी त्यांचे निधन झाले.

आमच्या इचलकरंजीत दिवसभर कांड्या भरून दमलेल्या भगिनी रेशनच्या रांगेत उभ्या राहतात. धान्य कमी भरले तरी गप्प बसतात. भगिनींनो, रजनी पडद्यावरची होती. पावती मागण्याचा आपला हक्क मात्र खरा आहे. एकीने विचारावे, बाकीच्यांनी तिच्या पाठीशी उभे राहावे, एवढेच आमचे सांगणे.