हा खर्च कुणाचा?



बाईच्या नावावर काहीतरी असले पाहिजे, ही मागणी आपण वर्षानुवर्षे लावून धरली आहे. सातबाऱ्यावर नाव, घराच्या दारावर नाव आणि बँकेत स्वतःचे खाते. यांपैकी खाते बऱ्याच जणींना मिळाले. ऑगस्ट २०१४ मध्ये जनधन योजना सुरू झाली आणि तिच्यातल्या निम्म्याहून अधिक खात्यांवर स्त्रियांची नावे लागली. महाराष्ट्रात २०२४ साली 'माझी लाडकी बहीण' योजना आली आणि दरमहा १,५०० रुपये थेट बाईच्या खात्यात जमा होऊ लागले. खात्यापाठोपाठ कार्ड आले. पण ते कार्ड कुणाच्या खिशात असते, त्याचा पिन कुणाला पाठ असतो आणि पैसे निघाल्याचा मेसेज कुणाच्या मोबाइलवर जातो, हे प्रश्न आपण पुरेसे विचारले नाहीत.

ते विचारायची वेळ येते एका छोट्याशा ओळीमुळे. पासबुक भरून आणले किंवा कार्डाचे बिल आले की त्यात एखाद्या दुकानाचे नाव दिसते. ते कधी ऐकलेले नसते. समोर रक्कम असते, कधी १९९ रुपये, कधी ४,०००. सल्ला केंद्रात अशी ओळ घेऊन येणाऱ्या बायकांचे पहिले वाक्य बहुधा 'माझे पैसे गेले' असे नसते. 'आता घरी काय सांगू?' असे असते. पैसे गेल्याच्या दुःखापेक्षा हिशेब द्यावा लागण्याची भीती मोठी. 'कुठे उधळलेस?' हा प्रश्न टाळण्यासाठी कितीतरी जणी गप्प बसतात, आणि नेमके हे गप्प बसणेच महागात पडते.

म्हणून आधी ती ओळ शांतपणे वाचायला शिकू या. अनोळखी नाव म्हणजे लबाडीच, असे नसते. दुकानाच्या पाटीवर एक नाव असते आणि बँकेत नोंदलेले कंपनीचे नाव दुसरेच असते. ऑनलाइन खरेदीत पैसे मध्यस्थ कंपनीमार्फत जातात, त्यामुळे तिचेच नाव उमटते. व्यवहार एका दिवशीचा आणि नोंद दोन दिवसांनंतरची, असेही होते. तारीख आणि रक्कम पाहावी, जुन्या पावत्या आणि मोबाइलमधले मेसेज ताडून पाहावेत. घरात आणखी कोणी ते कार्ड वापरते का, तेही आठवावे. मुलाने मोबाइलवर एखादी सेवा 'महिनाभर फुकट' म्हणून घेतलेली असते आणि पुढे दरमहा पैसे कापले जातात. अशा आपोआप होणाऱ्या कपातीसाठी रिझर्व्ह बँकेचे नियम १ ऑक्टोबर २०२१ पासून पुरते लागू झाले. पैसे कापण्याच्या किमान २४ तास आधी ग्राहकाला कळवायचे आणि नको असल्यास कपात थांबवण्याची सोय द्यायची, असे त्यांत म्हटले आहे.

इतके करूनही खर्च आपला नाही असे दिसले, तर मात्र थांबू नये. 'सोमवारी शाखेत जाऊन विचारू' असे म्हणू नये. कार्डाच्या मागे छापलेल्या क्रमांकावर फोन करून आधी कार्ड बंद करावे. तक्रार क्रमांक मागून घ्यावा आणि तारीख-वेळेसह वहीत लिहावा. फसवणुकीचा संशय असेल तर १९३० या क्रमांकावरही लगेच कळवावे. मग शाखेत लेखी अर्ज द्यावा आणि प्रतीवर शिक्क्यासह पोच घ्यावी. तोंडी सांगितलेली तक्रार पुढे कुणालाच आठवत नाही, हा आपला सगळ्या सरकारी कचेऱ्यांतला अनुभव आहे.

या घाईला कारण आहे. रिझर्व्ह बँकेने ६ जुलै २०१७ रोजी काढलेल्या परिपत्रकाने ग्राहकाची जबाबदारी कुठवर, हे ठरवून दिले. चूक बँकेची असेल तर ग्राहकावर काहीच भार नाही, कळवायला उशीर झाला तरीही नाही. चूक ना बँकेची ना आपली, तिसऱ्याच कुणाची असेल, तर बँकेचा मेसेज आल्यापासून कामकाजाच्या तीन दिवसांत कळवले की भार शून्य. चार ते सात दिवस लागले तर साध्या बचत खात्यावर जास्तीत जास्त १०,००० आणि जनधनसारख्या मूलभूत खात्यावर ५,००० रुपयांपर्यंतचा भार आपल्यावर येऊ शकतो. त्यानंतर बँकेचे धोरण. तक्रार आल्यावर दहा कामकाजाच्या दिवसांत ती रक्कम खात्यात तात्पुरती जमा करावी आणि ९० दिवसांत निकाल लावावा, असेही या परिपत्रकाने सांगितले. चूक ग्राहकाची आहे हे सिद्ध करण्याची जबाबदारी बँकेवर टाकली. म्हणजे 'तुम्हीच कुणाला तरी ओटीपी दिला असेल' एवढे म्हणून बँकेला मोकळे होता येत नाही. अशा नियमांत वेळोवेळी दुरुस्त्या होतात, म्हणून सध्याची मुदत व रक्कम आपल्या बँकेकडून लेखी मागवून गटाच्या फाइलीत लावून ठेवावी. क्रेडिट कार्डाच्या बिलाबाबत २०२२ च्या निर्देशांत आणखी एक गोष्ट आहे. ग्राहकाने फसवणूक म्हणून हरकत घेतलेल्या रकमेवर वाद मिटेपर्यंत आकार लावू नये. बँकेने तक्रार फेटाळली किंवा ३० दिवसांत उत्तरच दिले नाही, तर रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे जाता येते. त्याला पैसे पडत नाहीत, वकील लागत नाही.

कागदावर हे सारे चांगलेच आहे. पण बाईच्या घरात ते कसे उतरते?

पहिला अडथळा मेसेजचा. मुदत मोजायची ती मेसेज मिळाल्यापासून. खाते तिचे, पण नोंदवलेला मोबाइल नवऱ्याचा किंवा मुलाचा असेल तर बँकेच्या लेखी तिला कळलेले असते आणि तिला मात्र पत्ताही नसतो. तिचे तीन दिवस दुसऱ्याच्या खिशात संपून जातात.

दुसरा अडथळा पिनचा. २०१३ साली बंगळुरूमध्ये बाळंतपणाच्या रजेवर असलेल्या एका बाईने आपले कार्ड आणि पिन देऊन नवऱ्याला पैसे काढायला पाठवले. यंत्राने पावती दिली, पण २५,००० रुपये आले नाहीत. ती ग्राहक मंचात गेली. २०१८ साली निकाल तिच्या विरोधात लागला. पिन दुसऱ्याला, मग तो नवरा का असेना, देणे हा नियमभंग ठरला. आता आपल्या घराकडे पाहा. नवऱ्याला पिन सांगितला तर कायद्याच्या नजरेत ती निष्काळजी आणि नाही सांगितला तर घराच्या नजरेत ती अविश्वासू. या कात्रीत सापडलेल्या बाईला 'पिन कुणाला सांगू नका' अशी पाटी दाखवून भागत नाही.

तिसरी गोष्ट सर्वांत अवघड. तपास केल्यावर कळते की खर्च घरातल्याच माणसाने केला आहे, तिला न विचारता. अशा वेळी माहीत असून बँकेकडे 'अनोळखी माणसाने केला' अशी तक्रार देऊ नये. तिथे हा प्रश्न बँकेचा राहत नाही. बाईचे पैसे तिच्या संमतीशिवाय वापरणे, तिला तिच्याच पैशापासून दूर ठेवणे याला २००५ च्या कौटुंबिक हिंसाचारविरोधी कायद्यात आर्थिक छळ म्हणून जागा आहे. लगेच तक्रार करायची की आधी पिन आणि मोबाइल क्रमांक बदलून घ्यायचा, हे तिने ठरवायचे. तिच्या सुरक्षिततेचा विचार आधी. कार्यकर्तीने घाई करू नये आणि 'घरचेच तर आहेत' असे म्हणून तिला परतही पाठवू नये.

म्हणून आपल्या मागण्या स्पष्ट हव्यात. प्रत्येक खातेदार बाईला तिच्या स्वतःच्या मोबाइलचा क्रमांक नोंदवण्याबद्दल बँकेने विचारावे. ज्या घरात एकच मोबाइल आहे तिथे मुदत मोजताना ही अडचण धरली जावी. मेसेज आणि तक्रार अर्ज मराठीत असावेत. शाखेत तक्रार घेऊन आलेल्या बाईला 'मिस्टरांना पाठवा' असे सांगितले जाऊ नये.

आणि एक काम आपले. बचत गटाच्या दरमहाच्या बैठकीत पंधरा मिनिटे पासबुकासाठी ठेवू या. प्रत्येकीने आपले पासबुक उघडावे, शेवटच्या महिन्याच्या ओळी वाचाव्यात, न कळलेल्या ओळीवर पेन्सिलीने खूण करावी. जिला वाचता येत नाही तिला शेजारणीने वाचून दाखवावे, पण रक्कम इतरांपुढे मोठ्याने म्हणू नये. खुणा झालेल्या ओळींचे पुढे काय झाले, कोणत्या बँकेने पोच दिली, कोणी टोलवले, ते आम्हाला जरूर लिहून कळवा. त्यावरून बँकांकडे घेऊन जायचे निवेदन तयार करू.