कर्णा म्हणजे फक्त ‘एक वाद्य’?

‘कर्णा’ या शब्दाचा अर्थ मुलं वहीत लिहितात, ‘एक वाद्य’. झालं, गुण मिळाले! पण डोळ्यांपुढे काही आलं का?

कर्णा हे तुतारीच्या जातीचं, तोंडाशी निमुळतं आणि पुढे पसरट होत जाणारं फुंकवाद्य. शब्द फारसीतून आलेला. कान या अर्थाच्या संस्कृत ‘कर्ण’मधून नव्हे. वाद्य मागे पडलं, पण आकारामुळे शब्द टिकला: ग्रामोफोनचा कर्णा, लाउडस्पीकरचा कर्णा, कर्ण्यासारखं धोतऱ्याचं फूल.

म्हणून अर्थ पाठ करून घेण्याआधी मुलांना कागदाचा कर्णा करू द्या, त्यातून हाका मारू द्या. मग ‘कर्णाने दान दिले’ आणि ‘कर्ण्यातून आवाज आला’ यांतला फरक वेगळा शिकवावा लागणार नाही. शब्द वापरला तरच आपला होतो ना!